दहावीचे इंग्रजी आणि घरातला फोन

(मंडळाच्या वर्धापनदिनी बोरी येथे केलेल्या भाषणाचा मजकूर)



 विषय मीच निवडावा अशी मोकळीक कार्यवाहबाईंनी दिली होती. शाळेत इंग्रजी शिकविण्यात माझ्या आयुष्याची बरीच वर्षे गेली. त्यामुळे गावात कोठेही गेले, दळणाच्या गिरणीत गेले किंवा बाजारात भाजी घेत असले, तरी कोणी ना कोणी आई मला हाक मारून एकच प्रश्न विचारते. "बाई, पोरीचे बाकीचे विषय निघतील हो, पण इंग्रजीचे काय?" हल्ली त्याला आणखी एक पुरवणी जोडलेली असते. "ती म्हणते, फोनवर अभ्यास करते. खरेच का हो फोनवर अभ्यास होतो?" या दोन प्रश्नांचे उत्तर रस्त्यात उभ्या उभ्या देता येत नाही. म्हणून आज ते येथे सविस्तर देण्याचे मी योजिले आहे.

दहावीच्या एका विषयाला एवढे महत्त्व कशासाठी, असे कोणी म्हणेल. परंतु आपल्या भागात मुलीचे इंग्रजी राहिले म्हणजे केवळ एक विषय राहतो असे नाही. पुरवणी परीक्षा असते, पुन्हा बसण्याची सोय असते. पण तेवढ्यात घरात दुसरी बोलणी सुरू होतात. २०१९ ते २०२१ या काळात झालेल्या पाचव्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात आपल्या परभणी जिल्ह्याचा जो आकडा आला, तो आपण सर्वजणींनी ध्यानात ठेवावा असा आहे. वीस ते चोवीस वर्षांच्या स्त्रियांपैकी सुमारे ४८ टक्के जणींचे लग्न अठरा वर्षे पुरी होण्यापूर्वीच झालेले होते. म्हणजे जवळजवळ निम्म्या! याला दारिद्र्य, दुष्काळ, ऊसतोडीसाठी होणारी भटकंती अशी अनेक कारणे आहेत. इंग्रजी हे त्यांतले एकमेव कारण नव्हे. तथापि शाळेत टिकून राहिलेली मुलगी लग्नाच्या घाईतून वाचते, आणि दहावी नापास झालेल्या मुलीला टिकवून धरायला घरात फारसे कोणी उरत नाही, हे आपण सर्वजणी जाणतो. नर्सिंगला जायचे म्हटले, तंत्रनिकेतनात जायचे म्हटले, तरी पुढची बहुतेक पुस्तके इंग्रजीतच भेटतात. तेव्हा या विषयाचा धाक कमी करणे हे मुलीचे वय वाढू देण्याइतकेच आपले काम आहे.

आणि स्त्रियांनी इंग्रजी शिकण्याची गोष्ट आपल्याकडे नवी नाही. सावित्रीबाई फुले यांचा 'काव्यफुले' हा संग्रह १८५४ साली निघाला. त्यात त्यांनी इंग्रजी शिकण्याचा आग्रह धरलेला आहे. रमाबाई रानडे यांनी आपल्या आठवणी १९१० साली प्रसिद्ध केल्या. सासरी इंग्रजी शिकत असताना घरातल्याच बायकांचा किती रोष त्यांना सोसावा लागला, हे त्यांनी त्यात सांगितले आहे. शिकविणारे पती घरात असूनही वाट सोपी नव्हती. कारण घरातल्या बायकांची साथ नव्हती. आपल्या मराठवाड्याची कथा आणखी निराळी. १९४८ च्या सप्टेंबरापर्यंत आपण निजामाच्या राज्यात होतो, आणि दरबारची व वरच्या शिक्षणाची भाषा उर्दू होती. आपल्या आजेसासऱ्यांच्या पिढीतले जे थोडे शिकले, ते उर्दू शिकले. आजेसासवांच्या वाट्याला तर तेही आले नाही. महाराष्ट्रात मराठी शाळांतून पहिलीपासून इंग्रजी शिकवू लागले ते २००० सालापासून. म्हणजे पहिलीपासून इंग्रजी शिकलेली आई आपल्या गावात आता कोठे दिसू लागली आहे. मुलीला घरी विचारायला कोणी नाही, हे दुःख खरे आहे. परंतु त्यात आईचा काडीचाही दोष नाही.

ही उणीव घरातला फोन काही अंशी भरून काढू शकतो. २०१६ नंतर इंटरनेट स्वस्त झाले आणि घरोघरी मोठ्या पडद्याचे फोन आले. पुढे २०२० साली करोनामुळे शाळा बंद पडल्या, तेव्हा अभ्यास फोनवर आला. २०२१ साली तर दहावीची परीक्षाच झाली नाही. त्या काळात ज्या घरी फोन होता आणि ज्या घरी नव्हता, त्यांच्यातले अंतर आपण डोळ्यांनी पाहिले आहे. आता बहुतेक घरी फोन आहे; परंतु तो कोणाच्या हाती आहे, हा खरा प्रश्न आहे. 'असर' नावाचे ग्रामीण शिक्षणाचे सर्वेक्षण देशभर होत असते. २०२४ च्या पाहणीत चौदा ते सोळा वर्षांच्या मुलामुलींपैकी सुमारे ८२ टक्क्यांना असा फोन वापरता येत होता. त्यांपैकी आदल्या आठवड्यात अभ्यासासाठी फोन वापरला असे सांगणारे ५७ टक्के, आणि समाजमाध्यमांसाठी वापरला असे सांगणारे ७६ टक्के होते. आणखी एक गोष्ट त्यात आहे. फोन वापरता येणाऱ्या मुलग्यांपैकी ३६ टक्क्यांकडे स्वतःचा फोन होता, मुलींपैकी मात्र २७ टक्क्यांकडेच. हा सगळ्या देशाच्या खेड्यापाड्यांचा हिशेब झाला. आपल्या घरात काय चित्र आहे, ते ज्याने त्याने मनाशी पाहावे. संध्याकाळी दादा क्रिकेट पाहतो, वडील बातम्या पाहतात, आणि मुलीच्या हाती फोन येतो तो रात्री भांडी घासून झाल्यावर, बॅटरी संपत आली असताना.

काहीजणी म्हणतील, मुलीच्या हाती फोन दिला तर ती बिघडेल. ही भीती मी हसण्यावारी नेत नाही. परंतु फोनने बिघडायचेच असेल तर मुलगाही बिघडतो. त्याच्या हातून आपण तो काढून घेत नाही. यावर उपाय म्हणजे फोन चोरून पाहायची वस्तू राहू नये. मधल्या घरात, चारचौघांत, ठरलेल्या वेळी तिने तो घ्यावा आणि वेळ संपताच फडताळावर ठेवावा. अनोळखी माणसाचा फोन अगर संदेश आला तर आईला सांगावे. आणि तिने सांगितले म्हणून आईने तिच्यावरच रागावू नये. एवढे पथ्य पाळले तर भीतीचे कारण बरेचसे उरत नाही.

आता परीक्षेत विचारतात तरी काय, ते पाहू. कारण काय विचारतात हे ठाऊक नसले, तर फोनवर तास तास घालवूनही हाती काही लागत नाही. मराठी माध्यमाच्या मुलांना दहावीत इंग्रजी ही तृतीय भाषा असते. लेखी ८० गुण आणि ऐकण्याबोलण्याच्या चाचणीचे २० गुण. लेखी परीक्षेला हल्ली प्रश्नपत्रिका न म्हणता कृतिपत्रिका म्हणतात. तिच्यात पाठ्यपुस्तकातल्या उताऱ्यांना २० गुण आणि पुस्तकाबाहेरच्या उताऱ्यांना १५ गुण असतात. भगिनींनो, या दोहोंची बेरीज करून पाहा. पस्तीस होते! आणि हे उतारे तर कृतिपत्रिकेतच छापून दिलेले असतात. पुष्कळशी उत्तरे त्या उताऱ्यातच असतात. ज्या मुलीला दहा ओळी शांतपणे वाचून समजतात, तिला नापास होण्याचे कारणच नाही. बाकी कविता, व्याकरण, पत्र, संवाद, भाषण, बातमी असे लेखन, आणि शेवटी मराठीत भाषांतर ५ गुणांचे. यात घोकंपट्टीला वाव थोडा आणि वाचून समजण्याला फार. तरीही आमच्या मुली गाइड पाठ करीत बसतात, याचे मला वाईट वाटते.

हे वाचून समजणे वाढविण्यासाठी फोनचा उपयोग कसा करावा, ते क्रमाने सांगते.

पहिला उपयोग कानाचा. मराठी आपण लिहितो तशी बोलतो. इंग्रजीचे तसे नाही. सुरी या अर्थाचा शब्द के अक्षराने सुरू होतो आणि उच्चार मात्र 'नाइफ'. बुधवारचे स्पेलिंग पाठ व्हावे म्हणून मुली 'वेडनेसडे' असे घोकतात, आणि कोणी 'वेन्झडे' म्हटले की तो शब्द त्यांना ओळखू येत नाही. शब्द कानावर पडलेला नसला तर वाचतानाही डोळा अडखळतो. फोनमधल्या शब्दकोशात शब्दाशेजारी कर्ण्याचे चिन्ह असते. त्यावर बोट ठेवले की उच्चार ऐकू येतो. बालभारतीच्या पाठ्यपुस्तकावर चौकोनी ठिपक्यांची एक खूण छापलेली असते, तिला क्यूआर कोड म्हणतात. 'दीक्षा' नावाचे सरकारी ॲप फोनवर घेऊन ती खूण कॅमेऱ्यासमोर धरली की त्या पुस्तकाचे साहित्य उघडते. हे ॲप २०१७ पासून चालू आहे आणि त्यास पैसे पडत नाहीत. साहित्य एकदा उतरवून ठेवले की पुढे रेंज नसली तरी चालते. आपल्याकडे वीज आणि रेंज या दोघी कधी रुसतील याचा नेम नसतो, म्हणून ही सोय मोठी आहे.

या ठिपक्यांच्या खुणेवरून एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. सोलापूर जिल्ह्यात माढा तालुक्यात परितेवाडी नावाचे लहानसे गाव आहे. तेथील जिल्हा परिषद शाळेतले शिक्षक रणजितसिंह डिसले यांनी पाठ्यपुस्तकात अशा खुणा घालून मुलांना धडे ऐकण्यापाहण्याची सोय करून दिली. पुढे राज्याच्या पुस्तकांतही त्या आल्या. त्यांना २०२० साली जागतिक शिक्षक पुरस्कार मिळाला. दहा लक्ष डॉलरच्या त्या रकमेतली निम्मी त्यांनी अंतिम फेरीतल्या इतर नऊ शिक्षकांना वाटून दिली. परंतु मला अधिक मोलाची वाटते ती निराळीच गोष्ट. त्या गावातल्या मुलांची घरची भाषा कन्नड. म्हणून गुरुजी आधी स्वतः कन्नड शिकले. ठिपक्यांच्या खुणा नंतर आल्या. यंत्राच्या आधी माणसाचे कष्ट असावे लागतात, ते असे.

दुसरा उपयोग तोंडाचा. मुलीने धड्यातल्या पाच ओळी मोठ्याने वाचाव्यात, फोनवर आपला आवाज भरून घ्यावा आणि स्वतःच ऐकावा. कोठे अडखळलो, हे दुसऱ्याने सांगण्याची गरज राहत नाही. मैत्रिणीला व्हॉट्सॲपवर तोच आवाज पाठवावा आणि तिने आपला पाठवावा. वर्गात चाळीस मुलांसमोर उभे राहून इंग्रजी बोलायला लाजणारी मुलगी फोनशी मात्र लाजत नाही, हा माझा अनुभव आहे. ऐकण्याबोलण्याच्या वीस गुणांची तयारी यातच होऊन जाते.

तिसरा उपयोग पुस्तकपेटीचा. पुस्तक फाटले, हरवले अगर धाकट्या भावाने रंगविले, तरी बालभारतीच्या संकेतस्थळावरून ते पुन्हा उतरवून घेता येते. मागील वर्षांच्या आणि नमुन्याच्या कृतिपत्रिकाही मिळतात. त्यांतली एक दर रविवारी घड्याळ लावून, तीन तास बसून कागदावर सोडवावी. दिवाळीच्या सुमारास मुली कापूस वेचायला जातात, तेव्हा रविवार मिळत नाही. अशा वेळी एकच उतारा रोज सोडवावा, पण खंड पाडू नये.

चौथा उपयोग पेनाचा, आणि हाच सर्वांत मोठा. आपण म्हणाल, फोनचा आणि पेनाचा काय संबंध? परीक्षेच्या दालनात फोन नसतो, तेथे पेनच असते. म्हणून फोनवर जे पाहिले, जे ऐकले, ते वहीत उतरल्याखेरीज तो अभ्यास नव्हे, असा नियमच करावा. पाच नवे शब्द, त्यांचे अर्थ, आणि प्रत्येकाचे एक वाक्य स्वतःचे. "माय मदर" या शब्दांनी सुरू होणारे वाक्य सुचत नाही अशी मुलगी मला आजवर भेटलेली नाही. आईविषयी सांगण्यासारखे पुष्कळ असते.

आता दोन गोष्टींविषयी सावध करते. पहिली भाषांतराच्या यंत्राविषयी. मराठी वाक्य टाकले की क्षणात इंग्रजी तयार! परंतु भाषेची घडण निराळी असते. आपण म्हणतो, मला भूक लागली, इंग्रजीत भूक लागत नाही, तेथे माणूसच भुकेला असतो, "आय ॲम हंग्री." म्हणी आल्या की यंत्राची कधी कधी फारच फजिती होते. 'नाचता येईना अंगण वाकडे' हिचे शब्दशः भाषांतर झाले तर इंग्रज माणूस अंगण सरळ करायला गवंडी शोधील. त्यांच्याकडे त्या अर्थी म्हणतात, "अ बॅड वर्कमन ब्लेम्स हिज टूल्स," म्हणजे अडाणी कारागीर हत्याराला दोष देतो. तेव्हा मुलीने आधी आपल्या मनाने भाषांतर लिहावे, मग यंत्राचे पाहावे आणि दोहोंत फरक का पडला याचा विचार करावा. उत्तर आधी पाहिले तर विचार होतच नाही.

दुसरी गोष्ट त्याहून नवी. २०२२ च्या नोव्हेंबरात चॅटजीपीटी आले आणि त्यापाठोपाठ तशीच आणखी यंत्रे आली. "शाळेच्या सहलीसाठी मुख्याध्यापकांना पत्र लिही" असे म्हटले की सुंदर पत्र लिहून मिळते. मुली ते वहीत उतरवून घेतात, शिक्षक बरोबरची खूण करतात, आणि मार्चमध्ये कोरा कागद समोर आला की हात चालत नाही. शेजारणीने लाटलेल्या पोळ्या रोज खाल्ल्या म्हणून आपल्याला पोळी लाटता येत नाही, तसे हे आहे. याच यंत्राला मुलीने आपले पत्र दाखवावे आणि म्हणावे, "यातल्या चुका सांग आणि त्या का चुका आहेत तेही मराठीत सांग." मग तेच यंत्र शिकवणीच्या बाईंसारखे उपयोगी पडते. 'शी गो' नव्हे, 'शी गोज' का, हे ते दहा वेळा विचारले तरी न रागावता सांगते. मात्र ते कधी कधी मोठ्या आत्मविश्वासाने चुकीचेही सांगते. म्हणून शंका आली तर शब्द पुस्तकाचा आणि शाळेतल्या बाईंचा मानावा.

हे सगळे ऐकून तुम्ही म्हणाल, पण आम्हांला इंग्रजी येत नाही. मुलगी अभ्यास करते की फसविते, हे आम्हांला कळावे कसे? त्यासाठी इंग्रजी यावे लागत नाही. फोन हातात असताना तिच्यासमोर वही उघडी आहे का, ते पाहा. मधूनमधून तिचा वाचण्याचा आवाज येतो का, तो ऐका. आणि तास संपल्यावर तिला पोळ्या करता करता विचारा, "आज काय वाचलेस, मला मराठीत सांग." ती नीट सांगू शकली तर तिला समजले आहे, चाचरली तर समजलेले नाही. या सांगण्यात भाषांतराचा सराव होतो, आणि पाठ न केलेले आपल्या शब्दांत मांडण्याचीही सवय लागते. माझ्या ओट्यावर अभ्यासाला येणाऱ्या मुलींपैकी ज्या घरी आईला धडा सांगत, त्यांचे वाचन लवकर सुधारले, असे मी पाहिले आहे. अक्षरओळख नसलेली आईसुद्धा हे काम उत्तम करू शकते.

शेवटी मंडळाकडे एक मागणे. सर्वांच्या घरी चांगला फोन असतो असे नाही. आपल्यापैकी कोणाकडे नवा फोन आल्यावर जुना पेटीत पडून राहतो. असे दोन-तीन फोन मंडळाने जमवावेत, त्यांत दहावीची पुस्तके, धडे व जुन्या कृतिपत्रिका भरून ठेवाव्यात आणि जून ते फेब्रुवारी रोज संध्याकाळी एक तास मंडळाच्या खोलीत दहावीच्या मुलींना बसू द्यावे. गेल्या साली उत्तीर्ण झालेली एखादी मुलगी त्यांना सोबत करील. झेरॉक्सचा खर्च हळदीकुंकवाच्या वाणातून सहज निघेल. एका वर्षी डबे वाटले नाहीत तर कोणी रुसणार नाही. इंग्रजी वाचायला मी स्वतः आठवड्यातून दोन दिवस येईन, हे येथे सर्वांसमक्ष कबूल करते.

आणि ज्या भगिनींची शाळा सातवी-आठवीत सुटली, त्यांना एक सांगते. सतरा नंबरचा अर्ज भरून खासगी विद्यार्थी म्हणून दहावीला बसण्याची सोय मंडळाच्या, म्हणजे परीक्षा मंडळाच्या, नियमांत आहे, आणि तो अर्ज आता इंटरनेटवरच भरतात. मुलीच्या शेजारी एक जास्तीचे आसन टाकायला खोलीत जागा पुष्कळ आहे. मायलेकी एकाच पुस्तकातून वाचताना मला पाहायच्या आहेत.

रोज एक तास फोन मुलीचा, आणि त्या तासात वही उघडी, एवढे जरी आपण येथून ठरवून गेलो तरी आजचा वर्धापनदिन सार्थकी लागला असे मी समजेन.